मालिकेतल्या सासूचं मरण

मी लिहिते त्या मालिकेतली सासू सरळ आईवरून उचलली. भेंडीचं टोक मोडून बघणं, पदरानं चष्मा पुसणं, राग आला की भांडी आपटणं, सगळं जसंच्या तसं. आईनं लगेच ओळखलं. "ही मीच गो," म्हणाली आणि धसईच्या बाजारात मिरवायला लागली. भाजीवाल्या विचारायच्या, पुढं काय होणार? ही ठसक्यात म्हणायची, "ठावं हाय मला. सांगणार नाय." ठावं काय डोंबल! मी तिला कधी काही सांगतच नसे.

मग चॅनलवाल्यांनी फर्मावलं, सासूला मारा. का, तर म्हणे कथेला धक्का हवा. हा धंदाच असला, वाद घालून कोण ऐकतंय! मी तिचा शेवटचा सीन लिहिला, चांगला लांबलचक, आणि लिहिताना स्वतःच रडले. आमचे भाग आधीच शूट होऊन पडलेले असतात. हा भाग दाखवायच्या आधी इकडे आईच्या छातीत दुखायला लागलं, मुरबाडहून कल्याणला हलवावं लागलं. घरी सोडताना डॉक्टर म्हणाले, "यांना कसलाही धक्का बसता कामा नये."  धक्का तर मीच लिहून ठेवला होता.

घरात रेंज नाही, म्हणून गच्चीवर चढून प्रॉडक्शनला फोनवर विनवण्या केल्या, तेवढा सीन बदला. "मॅडम, शूट झालंय, आता काय करणार?" बरोबरच होतं त्यांचं. तरी मी मनातल्या मनात त्यांना शिव्या घातल्या.

तो भाग लागायच्या संध्याकाळी आईला सांगितलं, डिशचा रिचार्ज संपलाय. साफ खोटं. आईनं रिमोट खाली ठेवला. मला वाटलं, सुटले बाई. तेवढ्यात शेजारची वहिनी दारातून ओरडली, "काकू, टीव्ही लागला नाय तो तुमचा? या आमच्याकडं, आज मोठा एपिसोड हाय!"

"आई, बस गं, दमशील."

"मेले नाय अजून मी," असं म्हणून ती निघालीसुद्धा.

वहिनीकडे मी टीव्हीकडे बघितलंच नाही, आईच्या तोंडाकडे बघत राहिले. तिचं मनगट घट्ट धरून बसले होते. पडद्यावर सासूचा मुलगा तिच्या उशाशी बसून बोलत होता, बोलतच होता. माझीच वाक्यं ती, पण संपता संपेनात. शेवटी सासूनं डोळे मिटले. वहिनी मुसमुसायला लागली. आई मात्र एकटक बघत होती. 

"आई, बरं वाटतंय ना गं?"

"पानी नाय घातलं कुणी," ती म्हणाली.

"काय?"

"तिच्या तोंडात. पोरगा, सून, सगली बसलेली. नुसती बोलतायत. घोटभर पानी नाय घातलं गो कुणी."

 आमच्याकडे कुणाचा शेवट आला की सगळं घर आधी पाण्याला धावतं, बोलणं-रडणं मग. लहानपणापासून बघत आलेय मी. आणि एवढा सीन लिहिताना नेमकं तेच विसरले.

आईनं माझ्या मुठीतून मनगट सोडवलं आणि उलट माझाच हात धरला. "माज्या टायमाला अशी बोलत बसू नको. आधी पानी घाल."

रोज पानंच्या पानं संवाद लिहिणारी मी. "घालीन," एवढंच कसंबसं म्हणाले.