कॉम्प्युटरची चाल
तापलेल्या प्लॅस्टिकचा वास आला की मला आखातातल्या अल हैलमधला तो हॉल आठवतो. मराठी मंडळाच्या स्नेहसंमेलनात मुलं एका जुन्या व्हिडिओ गेमच्या संगीतावर नाचत होती आणि ॲम्प्लिफायर तापून वास सुटला होता. ती चाल माझ्या शेजारी बसलेल्या काकांची होती. बाबांचे हे मित्र सोहारच्या कारखान्यात टेक्निशियन होते. पण तरुणपणी मुंबईत, एका वेळी तीनच सूर वाजवू शकणाऱ्या गेमच्या यंत्रासाठी त्यांनी अशा कितीतरी चाली बांधल्या होत्या. गेमवर नाव फक्त कंपनीचं. नाच संपल्यावर निवेदिकेने विचारलं, "संगीत कुणाचं?" आणि स्वतःच उत्तर दिलं, "कॉम्प्युटरचं!" हॉल हसला. मी ताडकन उठले. "चाल या काकांची आहे!" मागून कुणीतरी ओरडलं, "मग सोहारला कशाला राबताय, काका? यल्ला, चला बॉलिवूडला!" पुन्हा हशा. काकांनी हात धरून मला खाली बसवलं. "पोरगी मस्करी करतेय हो," ते मोठ्याने म्हणाले आणि सगळ्यांबरोबर टाळ्या वाजवू लागले. नाव गिळणारी कंपनी मला आज एक वेळ परवडली. पण ओळखीच्या, हसऱ्या माणसांनी ते नाव काकांच्याच तोंडून पुसून घेतलं, त्याला माझ्याकडे माफी नाही.