डबा थोरल्याचा, गेम धाकट्याचे

पालेगावात आनंदा गायकरला ओळखत नाही असा माणूस सापडायचा नाही, आणि त्याच्याकडे पाणी मागितलं नाही अशी सोसायटीही. गावच्या शेतांत टॉवर उगवायला लागले तेव्हा आनंदाने आपल्या विहिरीवर मोठा पंप बसवला आणि एक टँकर घेतला. वर्षभरात दुसरा. पहिला तो स्वतः चालवायचा, दुसरा धाकटा भाऊ राजू. दोन्ही टँकरच्या पाठीवर ‘गायकर ब्रदर्स’ असं ठसठशीत रंगवलेलं होतं, आणि ते खरंही होतं; निदान मागून येणाऱ्या रिक्षावाल्यांपुरतं तरी.

दिवसभर पाणी वाहून झालं की हे दोन बाप्ये हातपाय धुऊन टीव्हीसमोर मांडी घालून बसायचे आणि गेम खेळायचे. आनंदाची चाळिशी आलेली, पोट सुटलेलं, पण रिमोट हातात आला की तोंडातून जीभ बाहेर यायची. त्याची बायको सोनिया म्हणायची, घरात शाळेत जाणारी पोरं दोन आणि न जाणारी दोन. गेमचा डबा आनंदाने उल्हासनगरच्या बाजारातून घासाघीस करून आणला होता. त्याच्या आतलं खातं मात्र राजूच्या नावाचं, कारण आनंदाचं इंग्रजी ‘ओके’पाशी सुरू होऊन तिथंच संपायचं. गेम सगळे नेटवरून घेतलेले. चकती नाही, खोका नाही, हातात काहीच येत नाही. पैसे भरले की राजूच्या खात्यावर गेम चढायचा, आणि ह्या डब्यावर तो चालवायची परवानगी मिळायची. त्या परवानगीला लायसन म्हणतात.

एकदा लाइट गेली, आली, आणि सगळ्या गेमच्या चित्रांवर बारीकसं कुलूप दिसायला लागलं. सोनियाने देवापुढे साखर ठेवली. आनंदाचा जीव मात्र खालीवर झाला. राजूने शांतपणे सेटिंगमध्ये जाऊन ‘रिस्टोर लायसन्सेस’वर बोट दाबलं. चक्र फिरलं, कुलपं गेली.

“काय नाय दादा,” तो म्हणाला, “गेम आपलेच हायेत, हे डबा कधीकधी विसरतो. आठवण करून द्यायची.”

आनंदाला हे फार पटलं. त्यानंतर कुणाचंही काही बिघडलं, पंप असो की जावई, की तो म्हणायचा, रिस्टोर मार.

भावांचं बिघडलं ते मात्र एका शब्दावरून. बदलापूरच्या एका सोसायटीत पाणी सोडून झाल्यावर दोघे बिलाचे पैसे घ्यायला थांबले होते. सेक्रेटरीने राजूकडे हनुवटीने खूण करून विचारलं, हे कोण? आनंदाचं लक्ष चेककडे. “आमचा ड्रायव्हर,” तो म्हणाला आणि चेकवरची सही नीट आहे का ते बघायला लागला. राजूने पाइप गुंडाळला. त्या संध्याकाळी तो खेळायला बसला नाही. पुढच्या महिन्यात त्याने वाटणी मागितली. त्या शब्दाच्या आधीही पुष्कळ काही साठलेलं असणार, त्याशिवाय एवढं मोठं झाड एका घावात पडत नाही. पण आनंदाने ‘चुकलं’ म्हटलं असतं तर निदान फांद्या वाचल्या असत्या. ते त्याला म्हणता आलं नाही. थोरल्याने धाकट्याला चुकलं म्हणायची गायकरांत पद्धत नव्हती.

वाटणीची पद्धत मात्र होती. थोरल्याने वाटे घालायचे, धाकट्याने आधी उचलायचं. त्यामुळे थोरल्याला लबाडी करता येत नाही. खराब वाटा घातला तर तोच त्याच्या पदरात पडतो. आईचा भाऊ शिवराममामा मध्यस्थ म्हणून बसला. हा माणूस असा की त्याने एकदा दोन चुलतभावांत फणसाचं झाड फांद्यांनिशी वाटून दिलं होतं. टँकर एकेक झाले. एका वाट्यात पालेगावचं घर, दुसऱ्यात जमिनीच्या बदल्यात बिल्डरने दिलेला बदलापूरचा फ्लॅट. राजूने फ्लॅट उचलला. शेवटी राहिला गेमचा डबा.

आनंदाने त्याचे दोन वाटे घातले. एकात डबा, दुसऱ्यात गेम.

“गेम म्हंजे? ठेवलेत कुठं?” मामाने विचारलं.

“ते दिसत नाय मामा. राजूच्या नावावर असतात.”

“मंग न दिसणारं उचलील कोण?” मामा म्हणाला, आणि सगळी बैठक हसली.

आनंदा हसला नाही, कारण सगळ्या वाटणीत त्याने डोकं चालवलं होतं ते एवढ्याच ठिकाणी. डबा गेमवाचून रिकामं भांडं, गेम डब्यावाचून नुसती हवा. राजूने काहीही उचललं तरी एकाला दुसऱ्याच्या दारात यावंच लागणार. तोंडाने थांब म्हणता येत नव्हतं, म्हणून त्याने भावाला असं बांधून ठेवायचं ठरवलं होतं. राजूने दादाकडे पाहिलं. मग म्हणाला, “मला गेम.”

गावाने ठरवलं, धाकटा फसला. आनंदा त्या रात्री पोटभर जेवला.

आणि डाव लागूही पडला. राजू रविवारी पालेगावला यायचा. सोनिया मटण करायची. दोघे भाऊ क्रिकेटचा गेम लावून एकाच बाजूने बॅटिंग करायचे. बोलणं म्हणजे ‘पळ’, ‘थांब’ आणि ‘तुझा होता तो’. एवढंच, पण दोन घरं झाल्यावर एवढंही पुष्कळ वाटतं. पुढे एका रविवारी राजूच्या सासरी लग्न निघालं, एका रविवारी पोराला ताप आला, मग कारणं देणंही थांबलं. आनंदा एकटाच खेळायला लागला. राजूच्या जागी मशीन बॅटिंग करायचं. मशीन राजूपेक्षा बरं खेळायचं, म्हणूनच त्याला ते आवडायचं नाही.

मग एका दुपारी कुलपं आली, सगळ्या गेमवर. आनंदा घाबरला नाही, त्याला उपाय माहीत होता. त्याने सेटिंग उघडलं, तर डब्याने राजूचा पासवर्ड मागितला. जुना पासवर्ड घातला, चुकीचा निघाला. पुन्हा घातला, पुन्हा चुकीचा. त्याने डबा टॉवेलात गुंडाळला आणि उल्हासनगरला जिथून घेतला होता त्या सिंधी शेठच्या दुकानात नेला.

शेठने डबा लावून पाहिला. “साईं, मशीन एकदम फर्स्टक्लास आहे. खातं ज्याचं आहे ना, त्याने दुसरी मशीन मेन केली. मेन एकच असते. तिकडे लायसन गेलं, इकडे लॉक.”

“चुकून झालं असंल,” आनंदा म्हणाला.

“चुकून? नई मशीन चुकून कोई लेता है क्या?”

आनंदाने टॉवेल पुन्हा गुंडाळला. राजू वेगळा झाला होता तेव्हा झाला नव्हता इतका वेगळा आत्ता झाला, असं त्याला वाटलं. वाटणी मामाने केली होती. हे राजूने आपल्या हाताने केलं होतं.

तो तिथून तडक बदलापूरला गेला. वाटेत त्याने ठरवलं की लायसनचं नंतर, आधी त्या ड्रायव्हरच्या शब्दाचं बोलायचं. वाक्यसुद्धा जुळवलं. तीनच शब्दांचं होतं, तरी गाडी चालवताना दोनदा विसरला.

दार राजूची बायको श्रद्धाने उघडलं. “या भाऊजी,” म्हणाली, पाणी दिलं, चहा टाकला. टीव्हीखाली नवा डबा होता, त्याच्यावरचं प्लॅस्टिकही अजून काढलेलं नव्हतं. आनंदा आपला डबा मांडीवर घेऊन बसला, दवाखान्यात पोर घेऊन बसावं तसा.

राजू आतून आला, हसला. “डबा कशाला वाहून आणलास दादा? फोन करायचास.” नवा लावताना काहीतरी विचारलं, आपण हो म्हटलं, त्यात तुझं गेलं असणार, असं त्याने सांगितलं. ह्यात काही कपट नव्हतं. कपट असतं तर आनंदाला भांडता आलं असतं. राजूने जुना डबा टीव्हीला जोडला, नवा पासवर्ड टाकला, जुन्यालाच मेन केलं. आपला नवा आपल्या खात्यावर तसाही चालेल म्हणाला. मग ‘रिस्टोर’ दाबलं. चक्र फिरलं. कुलपं एकेक करून गेली.

“झालं बघ. बाकी?”

आनंदाने चहाचा घोट घेतला. वाक्य जिभेवर होतं.

“टँकर कसा चाललाय?” त्याने विचारलं.

“विकला. अंबरनाथला कंपनीची बस चालवतो आता.” राजू वायर गुंडाळत होता, वर न बघता म्हणाला, “तिथंपण ड्रायव्हरच म्हणतात. पण मी त्यांचा कोण लागत नाय, म्हणून राग येत नाय.”

श्रद्धा स्वयंपाकघराच्या दारात थबकली. एवढी उघडी वाट आनंदाला आयुष्यात कुणी करून दिली नसेल. त्याने कप बशीत ठेवला, उचलला, पुन्हा ठेवला.

“पगार टायमाला देतात ना?” तो म्हणाला.

“देतात.”

राजू त्याला लिफ्टपर्यंत सोडायला आला. डबाही त्यानेच धरला होता. दार उघडल्यावर त्याने तो दादाच्या हातात दिला आणि अगदी मायेने म्हणाला, “आता ह्यासाठी एवढ्या लांब येऊ नको. परत कुलूप पडलं तं फोन कर, मी इथनंच करीन.”

शिवराममामा हल्ली सांगत फिरतो की एवढी चोख वाटणी त्याच्या हातून दुसरी झाली नाही. डबा दोघांकडे, गेम दोघांकडे, आणि कुणाला कुणाच्या दारात जावं लागत नाही.

कुलूप पुन्हा पडलं नाही. आनंदाने आठवडाभर नेट बंद ठेवून पाहिलं, गेम चालतच राहिले. रविवारी जेवण झाल्यावर तो डब्यामागे वाकला, विजेचं बटण बंद केलं, चालू केलं, परत बंद केलं. सोनिया ताटं उचलत होती.

“चांगला चाललाय तो. बिघडवतोस काय?”

“बघतोय, पडतं काय कुलूप.”

“आणि पडलं तं? फोनवर होतंय ना ते.”

आनंदाने बटण पुन्हा एकदा चालू केलं, आणि पडद्यावर सगळे गेम एकापाठोपाठ एक उघडे दिसायला लागले.