प्राजू छतावर का जायची

"मैडम, लड़की फिर छत पर मिली है. तीसरी बार. अब मैं रिस्क नहीं ले सकता."

प्रिन्सिपल सरांचा फोन आला तेव्हा मी समता कॉलोनीतल्या माझ्या क्लिनिकमध्ये होते. मी काउन्सेलर आहे. रायपूरच्या तीन शाळा मला बोलावतात. घरात कुणी गेलं की मुलांशी बोलणं हा माझ्या कामाचा मोठा भाग, त्याला आम्ही ग्रीफ काउन्सेलिंग म्हणतो. "त्यात शिकायचं काय असतं, पोरांना चॉकलेट द्यायचं न् खेळवायचं," असं एका पाहुण्याने मला एकदा ऐकवलं होतं. त्याला मी चहासुद्धा विचारला नाही.

मुलगी आठवीतली. तिचं नाव प्राजू आहे असं समजा, खरं मी सांगणार नाही. वडील रेल्वेत होते. दीड महिन्यापूर्वी ड्यूटीवरच हार्ट अटॅकने गेले. प्राजू एकुलती एक.

स्कूटर काढली आणि शंकर नगरच्या शाळेत पोहोचले. सर घामाघूम झाले होते. "सोमवार तक लिखकर दीजिए कि लड़की सेफ है. नहीं तो इस साल घर बैठाइए."

"आणि घरी छत नसतं का, सर?" मी विचारलं. त्यांना मराठी कळतं, पण कळलं नाही असं त्यांनी दाखवलं. त्यांची भीती मात्र खोटी नव्हती. शाळा चार मजली, आणि दिवस बुधवार.

प्राजू मेडिकल रूममध्ये बसली होती. दोन वेण्या, मांडीवर टिफिन. मी सरळ विचारलं, "प्राजू, छतावर जीव द्यायला गेली होतीस का?"

दारातल्या क्लास टीचरचा चेहरा पांढरा पडला. असं विचारलं की पोरांच्या डोक्यात तेच शिरतं, असा लोकांचा समज आहे. तो चुकीचा आहे. सरळ विचारलं की मूल मोकळं होतं, आणि मनात तसं काही असेल तर तेही सांगतं.

प्राजूने माझ्याकडे असं पाहिलं, जणू वेडी मीच होते. "नहीं! टिफिन रखने गई थी. कौवे के लिए."

आमच्या इकडच्या मराठी घरांतली ही पोरं घरात मराठी ऐकतात आणि उत्तर हिंदीत देतात. प्राजूही तशीच. हळूहळू सगळं बाहेर आलं. घरात मुलगा नाही म्हणून वडिलांना अग्नी तिनेच दिला होता. दहाव्याला खारून नदीच्या घाटावर पिंड ठेवला. कावळा शिवला की गेलेल्याची काही इच्छा उरली नाही, असं आपल्यात मानतात. कावळा येईना. मग नातेवाईक एकेक करून पिंडासमोर हात जोडून वचन देऊ लागले. आई म्हणाली, पोरीला शिकवीन. काका म्हणाले, घराचं अर्धं राहिलेलं काम पूर्ण करीन. आत्याही काहीतरी बोलली. कावळा येईना. तेव्हा सगळ्यांनी तिच्याकडे पाहिलं. माफी माग, असं कुणीतरी म्हणालं, तिने मागितली. तरी नाही आला. शेवटी गुरुजींनी दर्भाचा कावळा करून पिंडाला लावला आणि मंडळी जेवायला गेली.

"माफी कशाची?"

"कट्टी थी मेरी. दो दिन से बाबा से बात नहीं की थी. पिकनिक के लिए मना किया था उन्होंने." ती टिफिनचं झाकण उघडबंद करत होती. "उन्होंने माफ नहीं किया. इसलिए रोज चावल रखती हूँ. एक बार आ जाए बस."

इथे मी माती खाल्ली. एवढी वीस वर्षं काम करून! मी तिला कावळ्यांविषयी समजावायला लागले. शहरात ते कमी झालेत, घाटावर गर्दी असली की बुजतात, त्याचा बाबांशी काय संबंध. छान, शास्त्रीय, पाच मिनिटं. प्राजूने मान हलवली. "जी मैम."

मूल एवढ्या आज्ञाधारकपणे 'जी मैम' म्हणालं की समजायचं, आपली छुट्टी झाली. दुसऱ्या दिवशीही ती टिफिन घेऊन जिन्यात सापडली.

मुलांचं मन काय करतं, घडलेल्या गोष्टीची दोरी स्वतःला बांधून घेतं. मी असं केलं म्हणून तसं झालं. याला आम्ही मॅजिकल थिंकिंग म्हणतो. एरवी ती गाठ मूल एकट्याने बांधतं. इथे ती मोठ्यांनी घाटावर, सगळ्यांच्या देखत बांधून दिली होती. मग माझ्या शास्त्राने ती कशी सुटणार? बांधणाऱ्यालाच बोलवायला हवं होतं. माफी मागायला सांगितली कोणी, हे मी आईला फोनवर विचारलं. त्या म्हणाल्या, "तिच्या काकानं."

शुक्रवारी आई आणि काका, दोघांना मी आधी प्राजूशिवाय बसवलं. काका, वडिलांचे धाकटे भाऊ, तेही रेल्वेतच. खुर्चीत बसले तेच चिडून.

"मी का वाईट बोललो, मॅडम? आपल्यात बोलतात तसं बोललो. म्हटलं, तू अबोला धरला होता न, माफी माग, मंग येईल कावळा."

"आणि नाही आला."

"आता त्याले मी काय करू?"

"ती रोज शाळेच्या छतावर जाऊन त्याची वाट पाहते. सोमवारी तिचं नाव कापतील."

काकांच्या तोंडचं पाणी पळालं. वहिनींकडे पाहत म्हणाले, "हे मले काहून नाही सांगितलं?" वंदनाताई, म्हणजे प्राजूच्या आई, पदर तोंडाला लावून बसल्या होत्या. डब्यातला भात कावळ्यासाठी जातो, हे त्यांनाही माहीत नव्हतं. टिफिन रिकामा येतो, म्हणजे पोर जेवते, म्हणून त्यांना बरंच वाटत होतं. बाई गं! मलाही भरून आलं, खोटं का बोलू.

मी विचारलं, "तुमच्या घरी याआधी कोणाच्या दहाव्याला कावळा आला नव्हता, असं झालंय का?"

काका हळूच म्हणाले, "झालंय न."

"तेच तिला सांगा. आणि ताई, ती काही विचारेल तर खोटं बोलू नका. गोडसुद्धा नाही."

प्राजू आत आली. काका तिच्याकडे न बघता सुरू झाले. "पोट्टी, तुझ्या आबाच्या दहाव्याले बी कावळा नव्हता आला. दीड तास बसलो आम्ही. शेवटी तुझा बाबाच कटाळून गुरुजींले म्हणाला, महाराज, दर्भाचा करा, लोकं उपाशी बसून राहिले."

प्राजूने विचारलं, "तब माफी किसने माँगी थी?"

"कोणीच नाही."

"फिर मुझसे क्यों मँगवाई?"

ती ओरडली. खुर्चीवरून उठून ओरडली. वंदनाताई तिला आवरायला उठल्या, मी त्यांचा हात धरून ठेवला. दीड महिन्यात ही पोर पहिल्यांदा दुसऱ्या कोणावर रागावत होती.

काका रडायला लागले. "चुकलं माझं, बेटा. ऊन होतं, सगळे थकले होते. तू सगळ्यात लहान, तुझ्यावर ढकललं."

मग तिने आईला विचारलं, "बाबा नाराज थे न?"

आईचं तोंड 'नाही गं' म्हणायला उघडलं, मला दिसलं. पण बाई धीराची निघाली.

"होते. त्या दिवशी सकाळी डबा घेताना म्हणाले, पोट्टी आज बी बोलून नाही राहिली. मंग म्हणाले, नको बोलू म्हणा, सायकलची चेन उतरली की येतेच माझ्यापाशी."

प्राजू हसली. आधी हसली आणि मग जी रडली, ती अर्धा तास. आईच्या मांडीत डोकं खुपसून, लहान पोरीसारखी. मी पाण्याचा ग्लास भरला आणि स्वतःच पिऊन टाकला.

सोमवारी मी सरांना लिहून दिलं. आत्महत्येचा विचार आढळला नाही, मुलगी दर आठवड्याला माझ्याकडे येईल, छताला कुलूप लावावं. सरांनी कुलूप लावलं आणि तिचं नावही कापलं नाही. प्राजू त्यानंतरही दोनदा जिना चढून गेली, कुलूप बघून परत आली. तिसऱ्यांदा गेली नाही. चार महिने माझ्याकडे आली. गणितात आपटली, काकांशी तीन आठवडे बोलली नाही, आणि काकांनी ते मुकाट्याने सोसलं.

तेव्हापासून माझ्या फॉर्ममध्ये मी एक प्रश्न वाढवलाय. छापील जागा नाही, म्हणून कडेला पेनने लिहिते: क्रियाकर्माच्या वेळी मुलाला कोण काय बोललं? मोठी माणसं सांगतात, "काही नाही, मॅडम, असंच." पोरं शब्दन् शब्द सांगतात.