मेणबत्तीभोवतीचं कडं

मी सिनेमे करतो म्हटलं की शिरड शहापुरात लोक विचारतात, हिरो कोण? माझ्या सिनेमात हिरो नसतो, गोष्टही नसते. माणसाचा डोळा कसा पाहतो, कॅमेरा कुठं कमी पडतो, असल्या प्रश्नांपायी मी निम्मं आयुष्य घातलं. मायला हे समजावलं तेव्हा ती म्हणाली, "म्हंजे लगीन सोडून बाकी समदं करून राहिला तू."

त्या दिवाळीनंतर गावी होतो. बुद्धाच्या मूर्तीपुढं मेणबत्ती लावता लावता माय म्हणाली, "ज्योतीभवती रंगीत कडं दिसून राहिलं रे. कपाळ बी ठणकतं."

ठणक्याचं मी काही विचारलं नाही. कड्यात आतून कोणता रंग, बाहेरून कोणता, हे मात्र खोदून खोदून विचारलं.

तिला दिसते तशी मेणबत्ती पडद्यावर आणायची, एवढंच डोक्यात. लेन्सपुढं काच धरली, तिला व्हॅसलीन लावलं. कॅमेऱ्याच्या छोट्या पडद्याला नाक लावून माय म्हणाली, "हे तर धुक्यावानी झालं. काहून चोपडून राहिला?" शेवटी काचेवर नुसती तोंडाची वाफ सोडली. ज्योतीभोवती आत निळसर, बाहेर तांबडं कडं उमटलं.

"व्हय! बराबर हेच!" मायनं टाळी वाजवली.

काचेवर वाफेनं होतं ते हिच्या डोळ्यात कशानं होतंय, म्हणून वाचायला बसलो. उत्तर पहिल्याच पानावर होतं. डोळ्यातला दाब वाढला की असं कडं दिसतं. काचबिंदू. लगेच दवाखाना गाठा, गेलेली नजर परत येत नाही.

मी ते वाचलं होतं. आजवर कुणाला सांगितलं नाही. औषधानं दाब उतरला असता, पण कडंही गेलं असतं. आणि मला अजून अंगणातला बल्ब हवा होता, रस्त्यावरून येणाऱ्या गाड्यांचे दिवे हवे होते; त्यांची कडी बरोबर जुळली का, हे तिलाच पाहून सांगता येणार होतं. "थोडं थांब माय, मग नांदेडला दाखवू," म्हणालो. ती थांबली. चार महिन्यांनी, शिवारात हळद शिजायला लागली तेव्हा कुठं नेलं. डॉक्टर म्हणाले, फार उशीर केलात. हळूहळू दोन्ही डोळे गेले.

सिनेमा परदेशात दाखवला गेला. ते कडं कसं केलंत, असं लोक आवर्जून विचारतात. मी वाफेची युक्ती सांगतो. लोक खूश होतात.

परवा ओट्यावर बसलो असताना माय आपणहून म्हणाली, "उशीर माझ्यानंच झाला. दुसऱ्या कोणाला बोललेच न्हाई. तुला बोलले व्हते, पण तू काय डॉक्टर हायस? तुला कुठलं ठाऊक असणार, व्हय ना?"

मी मान हलवली. ती उत्तराची वाट पाहत राहिली. मग ध्यानात आलं, नुसती मान हलवून आता भागत नाही.

"मला कुठलं ठाऊक, माय," मी म्हणालो.