रिकाम्या हाताचं वाढप

“मी कुठं काय करते गं? मी नुसतं वाढते.”

काकूंचं हे वाक्य पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मी नकळत त्यांच्या रुंदीकडे बघितलं. तेवढ्यात त्यांनी हवेत हात फिरवला. चिमटीनं मीठ, शेजारी लिंबाची फोड, मग चटणी, कोशिंबीर, उजवीकडे भाजी. तेव्हा कुठं माझ्या डोक्यात प्रकाश पडला. वाढणं म्हणजे पानात वाढणं. हातात काहीच नव्हतं. आणि जेवायला समोर कोण, तर कुंडीतला माझा मरायला टेकलेला कढीपत्ता.

ही सिंगापूरच्या मरीन परेडमधली गोष्ट, दोन हजार चौदाच्या आसपासची. काकू आमच्याच मजल्यावर, माझ्या शेजारच्या फ्लॅटमध्ये मुलाकडे राहायच्या. मूळच्या कराडकडच्या. मुलगा मोठा मॅनेजर, कानाला फोन लावूनच घराबाहेर पडायचा. झाडं, वेली, अगदी विरजणसुद्धा, जे जे जिवंत ते लवकर वाढवायची विद्या काकूंना येत होती. तिला त्या ‘वाढप’ म्हणत. आत्यानं शिकवलेलं. नियम थोडेच: हात धुतलेला आणि रिकामा हवा, क्रम चुकता कामा नये, आग्रह दोनदाच करायचा, आणि शेवटी म्हणायचं, “सावकाश होऊ द्या.”

चार दिवसांत कढीपत्त्याला बोटभर पालवी आली.

मी इंजिनियर. तांजोंग पगारच्या ऑफिसात दिवसभर सॉफ्टवेअरमधल्या चुका शोधायच्या, हे माझं काम. असं कसं सोडून देणार? मी मेथीच्या दोन कुंड्या लावल्या आणि काकूंना म्हटलं, “या एकीलाच वाढा. दुसरीला काही नाही. फरक बघू.”

तिसऱ्या दिवशी दोन्ही सारख्याच फोफावलेल्या.

“काकू, दुसरीलाही वाढलंत?”

“अगं, शेजारीशेजारी बसलेल्या त्या. एकीनं जेवायचं नि दुसरीनं तोंडाकडे बघायचं? पंक्तिप्रपंच माझ्यानं नाही होत.”

आता तुम्हीच सांगा, यातून मी काय निष्कर्ष काढायचा? दोघींना वाढलं म्हणून दोघी वाढल्या, की इथल्या दमट हवेत मेथी तशीही वाढलीच असती? नवरा म्हणाला, बी चांगलं असेल. ते मला काकूंच्या विद्येपेक्षाही कमी पटलं.

मग माझी मुलगी जन्मली. दिवस भरायच्या बरीच आधी. नोव्हेनाच्या एका हॉस्पिटलात, काचेच्या पेटीत, नळ्यांच्या गुंत्यात ती पडून असायची. तिची मूठ माझ्या अंगठ्याच्या पेराएवढी. डॉक्टर रोज एकच सांगायचे, वजन वाढायला हवं. आणि वजन तेवढं वाढत नव्हतं.

मला घरी सोडलं त्याच दिवशी मी काकूंचं दार वाजवलं. निष्कर्ष गेले चुलीत.

“काकू, तिला वाढा.”

त्यांचा चेहरा उतरला. “माणसाला नको गं.”

“का?”

“नको म्हटलं ना.”

“मेथीला वाढता, आणि माझ्या लेकीला नाही?”

त्यांनी दार लावून घेतलं. पण दुसऱ्या दिवशी सकाळी मी निघाले, तर चपला घालून लिफ्टपाशी उभ्या.

आत फक्त आईवडील आणि आजीआजोबांना सोडत. नर्सनं विचारलं, “युवर मदर?” मी म्हटलं, “येस.” काकूंनी हात धुतले, कोपरापर्यंत धुतले. ते तर तिथं सगळ्यांनाच धुवावे लागत. पेटीपुढे उभ्या राहिल्या आणि हात पदराखाली घेतले. माझी नजर त्या पदरावर खिळलेली. पदर हलला का? हलला असेल. एसीचा झोत होता. बऱ्याच वेळानं त्या एवढंच पुटपुटल्या, “सावकाश होऊ दे, बाई.”

म्हणजे वाढून झालं, की वाढायचंच नाही म्हणाल्या? परतताना एमआरटीच्या गाडीत मी विचारलं. त्या समोरच्या काळ्या काचेत बघत राहिल्या. मला इतका राग आला की पुढे कित्येक दिवस मी त्यांच्याशी बोलले नाही.

वजन वाढलं. झपाट्यानं नाही, चमचा चमचा, डॉक्टरांच्या तक्त्यात असतं तसंच. दोनेक महिन्यांनी लेक घरी आली. पेढे घेऊन काकूंकडे गेले तेव्हा माझा राग पुरता गेला नव्हता आणि लाजही वाटत होती.

“खरं सांगा, वाढलं होतंत?”

“पोटभर जेवली ना? मग झालं तर.”

पुढच्या वर्षी त्यांच्या मुलाची बदली झाली आणि त्याच्यामागून काकूही गेल्या. त्या फ्लॅटमध्ये आता दुसरंच कुटुंब राहतं. पण त्या जायच्या थोडं आधीची एक दुपार मला विसरता येत नाही.

लेक कॉरिडॉरमध्ये पहिल्यांदा रांगली. काकू दारात भाजी निवडत बसल्या होत्या. त्यांनी ताट बाजूला सारलं. बघता बघता त्यांच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहू लागलं.

“माझा रांगलाच नाही,” त्या म्हणाल्या. “फार अशक्त होता गं. मी घाबरले, दोन्ही वेळा वाढत गेले त्याला. पाळण्यातून उठला तो चालतच सुटला. रांगताना कसा दिसला असता, कोण जाणे.”

काही मुलं रांगत नाहीतच, हे मला माहीत होतं.

काकूंनी डोळे पुसले, पदर खोचला, हात टेकले, दुखरे गुडघे टेकले आणि माझ्या लेकीमागोमाग रांगायला लागल्या. अगदी लिफ्टपर्यंत. लिफ्टचं दार उघडलं. आत दहाव्या मजल्यावरचे चिनी अंकल, हातात हॉकर सेंटरच्या खाऊगल्लीतून आणलेल्या सूपची पिशवी. त्यांनी खाली बघितलं, बटण दाबून दार धरलं आणि अदबीनं विचारलं, “आंटी, कमिंग इन ऑर नॉट?”

“थांब रे बाबा,” काकू मराठीतच म्हणाल्या.

लेक लिफ्टपुढून वळली. तिच्यामागे काकूही वळल्या. अंकलनी दार तसंच धरून ठेवलं होतं.