नाल्यापलीकडची तहसील

पोलीस खात्यातून निवृत्त होऊन मला बरीच वर्षे झाली. नोकरीत पाहिलेले दरोडे आणि घरफोड्या आता आठवणीत एकमेकांत मिसळून गेल्या आहेत. पण एका विणकराच्या बायकोचे प्रकरण तसे मिसळले नाही. त्यातल्या कोणाचे नाव मी देत नाही. त्यांची मुलेबाळे, भाऊबंद आज कुठेतरी असतील.

दुसऱ्या महायुद्धाचे दिवस होते. नागपूर तेव्हा मध्यप्रांत-वऱ्हाडची राजधानी. गव्हर्नर, सचिवालय, हायकोर्ट सगळे शहरात. पण शहर मागे पडले, की राजधानीचा हा जिल्हा इतर कोणत्याही जिल्ह्यासारखाच होता. त्याच्या पाच तहसिली: नागपूर, उमरेड, रामटेक, काटोल आणि सावनेर. तहसिलीच्या पोटात ठाणी आणि चौक्या, ठाण्याच्या पोटात गावे, गावाला एक मुकद्दम, म्हणजे पाटील, आणि एक कोतवाल. कचेरीतल्या नकाशावर ही वाटणी फार नीटनेटकी दिसे. जमिनीवर मात्र ती एखाद्या पांदणीतून, नाहीतर नाल्यातून जायची.

माझे ठाणे नागपूर तहसिलीच्या अगदी टोकाला होते. मला तिथे येऊन दोनेक महिनेच झाले होते. आमच्या हद्दीतल्या शेवटच्या गावाला लागून एक नाला होता. नाल्याच्या अलीकडे आम्ही, पलीकडे उमरेड तहसील. पलीकडची पोलीस चौकी त्या गावाला जवळ पडे, आमचे ठाणे दूर. पण गाव आमचे होते.

भिवापूरच्या मिरच्या तेव्हा बैलगाड्यांनी नागपूरला जायच्या. त्या गावच्या विहिरीवर गाडीवान बैल सोडत आणि पाणी पीत. त्यांतलाच एक गाडीवान ठाण्यात आला. त्याने सांगितले, की विहिरीजवळच्या घरातली विणकराची बायको बरेच दिवस दिसली नाही. सासू म्हणते माहेरी गेली, पण तिचा बाप उमरेडच्या बाजारात भेटला तर तो उलट यालाच लेकीची खुशाली विचारत होता. एवढे बोलून तो उठला. मग म्हणाला, मी सांगितलं असं गावात कळू देऊ नका.

खबर देणारा माणूस पुष्कळदा कुणाचा तरी काटा काढायला आलेला असतो. याला तसे काही कारण दिसत नव्हते. मी त्याच दिवशी गावात जायला निघालो, तेवढ्यात बाईचा बाप स्वतःच ठाण्यात येऊन उभा राहिला. वाळकासा म्हातारा, हातमागावर बसून बसून पाठीत वाकलेला. तो आधी पलीकडच्या चौकीवर गेला होता. लेकीचे सासर नागपूर तहसिलीत आहे, तिकडे जा, असे सांगून त्याला परत पाठवले होते.

"माह्या पोरीले मारून टाकलं, साहेब," तो म्हणाला. "आता मले फक्त ती कुठं हाय तेवढं सांगा."

गावात गेलो तेव्हा त्याच्या म्हणण्याला जोर येईल असेच सगळे दिसले. शेजारणीने भांडण आणि किंकाळी ऐकली होती. त्याच दिवशी सासूने अंगण सारवले होते, पण तुळशीच्या ओट्यामागे फुटलेल्या बांगड्यांचे तुकडे राहून गेले होते. नवऱ्याच्या मानेवर नखांचे ओरखडे होते. सासू आधी माहेरचे सांगत राहिली. बापाला समोर उभे केल्यावर तिने तोंडाला पदर लावला आणि आत निघून गेली. नवऱ्याला अटक केली. गावातल्या विहिरींत गळ टाकले, पडक्या घरांच्या जमिनी खणल्या. काही सापडले नाही. मॅजिस्ट्रेटसमोर उभे करून त्याची कोठडी घेतली. त्याला फाशी होणार हे गावाने ठरवूनच टाकले होते.

चौकशीत तो सुरुवातीपासून एकच सांगत होता. लढाईमुळे सूत मिळेनासे झाले, माग बंद पडला, हाताला काम नाही म्हणून दारू सुरू झाली आणि दारू आली तशी मारहाण. "मी तिले मारलं हे खरं हाय जी. पण मारून टाकलं नाही. ती गेली."

माझ्या हेड कॉन्स्टेबलने सुचवले, की एकदा याला माझ्या हातात द्या, सकाळपर्यंत सांगेल. त्या काळी असे सुचवणे नवीन नव्हते. मी नको म्हटले. मार खाल्लेला माणूस आपल्याला हवी ती विहीर दाखवतो, आणि तिच्यात पाण्याशिवाय काही सापडत नाही, हे मी पूर्वी एकदा पाहिलेले होते. मी त्याला चहा दिला आणि त्या दिवसाची हकिकत पुन्हा पहिल्यापासून सांगायला लावली.

खोटे बोलणाऱ्याची हकिकत गुळगुळीत असते. खरे बोलणाऱ्याच्या हकिकतीत एखादा असा तुकडा निघतो, जो स्वतः रचायचा असता तर त्याने कधी घातलाच नसता. तसा तुकडा या वेळी निघाला.

"नाल्यापर्यंत मी तिच्या मागं गेलो," तो म्हणाला. "काठी होती हातात. ती पाण्यातून पलीकडं गेली न् तिथं उभी राहिली. पळाली नाही. म्हणे, ये, आता मार. इथं मारशीन तर लिहून घेतात."

"कोण लिहून घेतात?"

"मले नाही समजलं जी. पण तिचं तोंड पाहून मले भेव वाटलं. मी काठी तिथंच टाकली न् वापस आलो."

आपल्या बायकोला आपण भ्यालो, हे त्या माणसाने उगाच कबूल केले नसते. मी शिपाई पाठवला. नाल्याच्या वाळूत, गाळात अर्धी रुतलेली काठी मिळाली. तेवढ्याने त्याची सुटका होण्यासारखी नव्हती, पण तपासाची दिशा बदलली. "इथं लिहून घेतात" हे तिला कुणी सांगितले असेल, याचा विचार करत मी दुसऱ्या दिवशी नाला ओलांडून पलीकडच्या चौकीवर गेलो.

तिथला जमादार पिकल्या मिशांचा, सरळ स्वभावाचा माणूस होता. आधी त्याला काही आठवेना. मनगटाचे सांगितल्यावर आठवले. बापाकडून मला कळले होते, की दिवाळीच्या सुमारास तिचे उजवे मनगट मोडले होते. तेव्हा ती हात फडक्यात बांधून एकटीच या चौकीवर आली होती. जमादाराने विचारले, कुठे मारले? ती म्हणाली, घरच्या अंगणात, नाल्याच्या तिकडे. त्यावर त्याने सांगितले होते, बाई, मग ही केस आमची नाही, नाल्याच्या इकडे मारले असते तर लिहून घेतले असते.

हे सांगताना आपण काही वावगे बोललो असे त्याच्या चेहऱ्यावर नव्हते. नियमाप्रमाणे तो बरोबरच होता. तिथून ती पायी माझ्या ठाण्यात गेली होती. मी तेव्हा तिथे नव्हतो. तिथे तिला, नवराबायकोचे भांडण आहे, गावच्या मुकद्दमाला बरोबर घेऊन ये, असे सांगून परत पाठवले. मुकद्दम नवऱ्याच्या नात्यातला. ती घरी गेली.

"त्यानंतर परत आली होती का?" मी विचारले.

जमादार थोडा घुटमळला. अलीकडेच एकदा आली होती, म्हणाला. लुगडे गुडघ्यापर्यंत ओले होते. तक्रार काही केली नाही. फक्त विचारले, की जमादारसाहेब, आपल्या जिल्ह्यात तहसिली किती? त्याने बोटांवर मोजून पाचही सांगितल्या. मग तिने विचारले, इथून सगळ्यात दूरची कोणती? तो म्हणाला, काटोल. ती रामराम करून निघून गेली.

"मग तिचा बाप आला तेव्हा हे का नाही सांगितलं?"

"तो म्हणाला पोरगी हरवली. ही तर रस्ता विचारून गेली होती, साहेब. हिचं तेच प्रकरण असेल असं काहून वाटावं मले?"

काटोल जिल्ह्याच्या पार दुसऱ्या टोकाला. संत्र्याचा हंगाम जोरात होता आणि स्टेशनजवळ माल भरायला बायका लागत, हे ठाऊक होते. माझी हद्द नव्हती, म्हणून आधी तिथल्या ठाण्यात वर्दी दिली आणि त्यांचा एक शिपाई बरोबर घेतला. कडुलिंबाच्या झाडांखाली संत्र्यांचे ढीग होते. बायका खाली बसून सुक्या गवताच्या थरांवर फळे लावून खोकी भरत होत्या. त्यांत एक बाई सगळे डाव्या हाताने करत होती. उजवे मनगट वाकडे जुळलेले. कपाळावर बापाने सांगितलेले गोंदण.

शिपायाला मी रस्त्यावरच थांबवले आणि तिच्यासमोर एका उलट्या खोक्यावर बसलो. मी कोण ते सांगितले. ती दचकली नाही. हातातले संत्रे गवतात ठेवत म्हणाली, "हे काटोल हाय."

"मला माहीत आहे."

"मंग इथं तुमचं चालत नाही."

मी म्हटले, चालत नाही, आणि तुझ्याविरुद्ध माझ्याकडे वॉरंटही नाही. तुला कुणी जबरदस्तीने नेणार नाही. पण तुझ्या खुनाच्या संशयावरून तुझा नवरा कोठडीत आहे. तू मॅजिस्ट्रेटपुढे येऊन जिवंत असल्याचे सांगितले नाहीस, तर काय होईल ते मी सांगू शकत नाही.

तिने हातातला थर पुरा केला. वर गवत पसरले.

"म्हणजे मी मेली असं लिहिलं तुम्ही?"

"तसा संशय लिहिला आहे."

"जिती होती तवा कोणी लिहिलं नाही," ती म्हणाली. आवाज चढवला नाही. शेजारच्या बायका हात थांबवून ऐकत होत्या. पुढचे खोके जवळ ओढत ती म्हणाली, "येते मी. फुकट कोणी फाशी जाऊ नये. पण आधी माह्यं लिहून घ्या. मंग त्याले सोडा."

मी तिथेच कागद काढला. तपास करणाऱ्या अधिकाऱ्याला जबाब कुठेही घेता येतो. काटोलात बसून लिहायला कायद्याची अडचण नव्हती, आणि हाड मोडल्याची तक्रार दिवाळीत माझ्या ठाण्यात लिहायलाही नव्हती. ती बोलत गेली. मनगट मोडले तेव्हा माग बंद नव्हता, सूत होते, दारूही नव्हती, हे तिने मुद्दाम सांगितले. हात मोडल्यामुळे आता मागावरचा धोटा फेकता येत नाही, सुताच्या कांड्या भरता येत नाहीत, म्हणून विणकाम गेले. माहेरी का गेली नाहीस, असे विचारल्यावर ती गवताच्या काड्या मोडू लागली. बापाने दोनदा सासरी परत नेऊन घातले, म्हणाली. शेवटी डाव्या अंगठ्याचा ठसा दिला.

कोर्टात ती आली तेव्हा नवरा आरोपीच्या जागी उभा होता. तिला पाहून तो मटकन खाली बसला आणि रडू लागला. मान वाचली म्हणून रडला की ती जिवंत दिसली म्हणून, हे मला आजही सांगता येणार नाही. खुनाचा संशय गेला. मनगटाच्या हाडाबद्दल सरकारी डॉक्टरांचा दाखला झाला, जबर दुखापतीचा खटला उभा राहिला आणि त्यात त्याला काही महिन्यांची कैद झाली. त्याने गुन्हा कबूल केला. वकीलही दिला नाही.

हद्दी हव्यातच. एका अधिकाऱ्याला अख्खा जिल्हा झेपत नाही, म्हणून सरकार तो वाटून देते. पण ती वाटणी आमच्यासाठी असते, दारात आलेल्या माणसासाठी नाही. त्या प्रकरणानंतर मी जिथे जिथे ठाणेदार होतो तिथे एक शिरस्ता ठेवला. आलेल्या माणसाला आधी बसवायचे, त्याचे लिहून घ्यायचे, आणि हद्द दुसऱ्याची निघाली तर कागद आम्ही पाठवायचा, माणूस नाही. वरिष्ठांनी यावरून मला दोनदा टोकले, कारण ठाण्याच्या नावावर गुन्हे जास्त दिसू लागले. मी खुलासा दिला आणि तेच चालू ठेवले.

त्या म्हाताऱ्या बापाबद्दल मात्र सांगायचे राहिले. कोर्ट सुटल्यावर तो लेकीला घरी चल म्हणाला, तेव्हा तिने नकारार्थी मान हलवली. तिला काटोलच्या गाडीत बसवून द्यायला मी स्टेशनवर गेलो, तर तोही मागोमाग आला. तिचे गाठोडे त्याच्याच खांद्यावर होते. गाडी लागली. तिने गाठोड्यासाठी हात पुढे केला, पण त्याने ते दिले नाही.

"तिकडं माग हायत का वं?" त्याने विचारले.

"माग नाहीत, बाबा. संत्री हायत."

म्हातारा डब्याच्या दाराकडे पाहत राहिला. साऱ्या आयुष्यात तो नागपूरच्या पुढे गेलेला नव्हता. मग पायरीवर पाय ठेवत म्हणाला, "मंग संत्री भरीन."