सामाईक फाईल आणि साडेअकरा गुण

कुंडलात आमच्या दुकानात एकच कॉम्प्युटर होता आणि त्याच्यावर दोन भावांचे दोन धंदे चालत. सकाळी आण्णा, म्हणजे माझे वडील, लग्नपत्रिका छापत. दुपारी आबा, म्हणजे थोरले चुलते, जन्मपत्रिका काढून गुण जुळवून देत. आण्णा लष्करातून हवालदार होऊन आलेले, त्यामुळे चालू करायच्या आधी ते कॉम्प्युटरला टेबलावर सावधानमध्ये उभं करत. आबा उदबत्ती लावत. टायपिंग मात्र दोघांचंही माझ्याकडे, कारण दोघंही एका बोटानं टाइप करत आणि ते बोट कुठं पडेल याचा नेम नसे.

नव्वदीचं दशक सरत आलं असताना माझं लग्न पाटणच्या मुलाशी ठरलं. मुलगा मला पसंत होता. आण्णांना माझ्याहून जास्त, कारण तोही फौजेत होता. आबांनी हौसेनं आमच्या पत्रिका घातल्या आणि पडद्यावर उत्तर आलं, साडेअकरा गुण. निदान अठरा तरी लागतात.

"लगीन काय ह्या डब्ब्याला करायचंय?" आण्णा म्हणाले.

डब्बा म्हटल्यावर आबांचं टाळकंच सरकलं. "मग ह्या डब्ब्यावर माझा धंदा तरी कशाला? वाटणी कर. आन् ह्या लग्नाला मी येणार न्हाई, ऐकून ठेव."

आमच्या घरात वाटणीचा अनुभव वाईट होता. रान वाटलं तेव्हा विहीर सामाईक राहिली आणि मोटार कुणी कधी चालू करायची यावरून दोघं भाऊ वर्षभर बोलत नव्हते. म्हणून या खेपेला काही म्हणजे काही सामाईक ठेवायचं नाही असं ठरलं. आबांनी सांगलीहून एक जुना कॉम्प्युटर आणला, घरी मांडला, त्यात आपला प्रोग्रॅम घातला. मग ते आमच्या दुकानातलं आपलं सामान न्यायला आले. आधी उदबत्तीचं घर उचललं, मग माउसच्या खालची गादी. शेवटी मला म्हणाले, "आता माझा प्रोग्रॅम काढून टाक."

मी काढायला लागले तर मध्येच इंग्रजीत एक चौकट उगवली. मी दोघांना सांगितलं, "एक सामाईक फाईल हाय म्हणतंय. आता कोण वापरत न्हाई असं दिसतंय. काढू का? शंका आसंल तर ऱ्हाऊ द्या, असं बी लिवलंय."

"सामाईक?" दोघं एकदम ओरडले. "काढ!"

महिन्याभरात त्यांचं एकमत झालं ते एवढ्या एकाच गोष्टीवर. मी काढली.

दुसऱ्या दिवशी माझीच लग्नपत्रिका छापायची होती. ती मी आधीच जुळवून ठेवली होती, निमंत्रकांत आबांचं नाव न घालता, कारण आण्णांचा तसा हुकूम होता. प्रोग्रॅम उघडायला गेले तर उघडेना. अमुक डीएलएल फाईल सापडत नाही, एवढंच पालुपद. आण्णांनी कॉम्प्युटर बंद करून चालू केला, त्याला दम दिला, शेवटी इकडंतिकडं बघून उदबत्तीही लावली. कॉम्प्युटर ढिम्म. प्रोग्रॅमच्या मूळ फ्लॉप्यांना तर बुरशी आलेली. सांगलीच्या दुरुस्तीवाल्याला फोन केला, तो हसतच सुटला. म्हणाला, "अहो, दोन्ही प्रोग्रॅम तीच फाईल वापरत होते. एकाचं म्हणून काढलीत आणि दुसरा बसला. तुमच्या चुलत्यांच्या कॉम्प्युटरवर असेल, तिथून आणा."

"त्यापरीस हातानं लिवू पत्रिका," आण्णा म्हणाले.

मला रडूच आलं. पत्रिकेचं एवढं नव्हतं. ज्यांनी खांद्यावर बसवून मला गावची जत्रा दाखवली, ते आबा माझ्या मांडवात नसणार, हे मला सोसत नव्हतं. मी कोरी फ्लॉपी उचलली आणि त्यांचं घर गाठलं.

सगळं ऐकल्यावर आबांची कळी खुलली. "आडला हरी..." म्हणाले आणि मध्येच थांबले. पुढच्या गाढवाच्या जागी कोण येतंय ते त्यांच्या लक्षात आलं असावं. मग काळजीत पडले. "पर तुला दिल्यावर माझ्याकडं काय ऱ्हाईल?"

"तीच ऱ्हाईल की. मी नक्कल नेती."

"म्हंजे दोघांकडं पुरी?"

"व्हय, पुरी."

आबांनी फ्लॉपी हातात घेऊन उलटसुलट करून बघितली. "आसली विहीर पायजे हुती गं," म्हणाले.

फ्लॉपी सदऱ्याच्या खिशात घालून ते स्वतःच ऐटीत निघाले. दुकानात शिरल्यावर त्यांनी ती आण्णांना न देता माझ्या हातात ठेवली. मी फाईल जागेवर घातली, प्रोग्रॅम उघडला आणि पडद्यावर माझी पत्रिका आली. आबा वाकून निमंत्रकांची नावं वाचायला लागले, तेव्हा कुठं मला आठवलं, त्यात त्यांचं नाव नाही. त्यांनी वरून खाली वाचलं. चष्मा पुसून खालून वर वाचलं.

"झ्याक झालीया," ते म्हणाले आणि चपला शोधायला लागले.

"बसा की वाईच," आण्णा भिंतीकडं बघत म्हणाले. मग माझ्यावर खेकसले, "बघत काय बसलीयास? थोरल्याचं नाव घाल. सगळ्यात वर!"

"पर गुण साडेआकराच हाईत," आबा पुटपुटले.

"तुमचं आन् वहिनीचं किती हुतं?"

आबांनी चपला सोडल्या आणि खुर्ची ओढली.

"आवं आण्णा, पर कागदावर जागाच न्हाई," मी म्हणाले.

"मग माझं बारीक कर."

ती पत्रिका अजून माझ्याकडे आहे. आबांचं नाव वर ठळक आहे. आण्णांचं वाचायला भिंग लागतं.